चकवा लागतो म्हणजे काय होतं?

चुलीपुढचा रेडिओ ओसरीवर ऐकू येतो म्हणून कान देऊन बसलेल्या दादांनो, तुम्हीही ऐका, विषय तुमचाही आहे.

आम्ही बचत गटाचं काम करणाऱ्या बाया. कराड आणि वाळवा तालुक्यांच्या शिवेवरच्या गावांत आमचं येणंजाणं. म्हणजे सकाळी सातारा जिल्ह्यात बैठक, दुपारी सांगली जिल्ह्यात. बैठकीत हप्ता गोळा झाला, पासबुकं लिहून झाली, कर्जाची मागणी नोंदवली, की मग खऱ्या गप्पा निघतात. कुणाच्या म्हशीच्या, कुणाच्या सुनेच्या, कुणाच्या गुडघ्याच्या. आणि उसाला रात्रीचं पाणी सुरू झालं की एक गोष्ट हमखास निघते. ती म्हणजे चकवा.

हा शब्द समजावून सांगायची आपल्याकडे गरज नाही. तरी शहरातून सासरी आलेल्या एखाद्या नव्या सुनेसाठी सांगतो. रात्री-अपरात्री माणूस ओळखीच्या वाटेनं निघतो. रोजची पाणंद, रोजचा बांध. आणि वाट सापडतच नाही. चालून चालून पुन्हा त्याच बाभळीपाशी येतो. लांब एक दिवा दिसतो, तो हलतो, पुढं पुढं सरकतो, त्याच्या मागं जावं तर नाहीसा होतो. आणि वेळेचं भान जातं. घटकाभर चाललो असं वाटतं आणि पूर्वेला उजाडलेलं असतं. नाहीतर रात्रभर फिरलो असं वाटतं आणि घरी येऊन बघावं तर मालिकाही संपलेली नसते. वाट, उजेड आणि वेळ, तिन्ही एकदम फिरतात. याला आपली माणसं म्हणतात, चकवा लागला.

हे सांगणाऱ्या बाया खोटं बोलतात का? आमचं म्हणणं आहे, नाही. ज्यांनी सांगितलं त्यांना तसंच झालं. त्यांना हसायचं कारण नाही. प्रश्न एवढाच आहे की हे कोण करतं? बाहेरचं कुणी करतं, की आपले पाय, आपले डोळे आणि आपलं मनच करतं? आज याच तीन गोष्टी एकेक करून पाहू.

आधी वाट. माणसाला वाटतं, आपण डोळे झाकूनही सरळ चालू. तसं नाही. २००९ साली जर्मनीतल्या मॅक्स प्लँक संस्थेच्या यान सौमन यांनी आणि त्यांच्या सोबत्यांनी हे तपासून पाहिलं. त्यांनी काही लोकांना जर्मनीतल्या मोठ्या, सपाट रानात सोडलं, काहींना ट्युनिशिया देशातल्या सहारा वाळवंटात. एकच सांगितलं, सरळ चालत राहा. कोण कुठं जातंय याची नोंद उपग्रहाच्या यंत्रावर होत होती. सूर्य दिसत होता तोवर लोक बऱ्यापैकी सरळ गेले. सूर्य ढगाआड असताना जे रानात चालले ते गोल फिरले. आपलीच मघाची वाट ओलांडून गेले आणि त्यांना कळलंही नाही. वाळवंटात एक जण रात्री चालला. चंद्र दिसत होता तोवर नीट गेला, चंद्र झाकला आणि हा वळला. डोळ्यांवर पट्टी बांधून मोकळ्या जागेत चालवलं तेव्हा तर काही जण अवघ्या २० मीटर रुंदीच्या गोलात फिरत राहिले. २० मीटर म्हणजे किती? आपल्या मापात सांगायचं तर चार गुंठ्यांच्या तुकड्यात मावेल एवढा गोल.

पूर्वी म्हणायचे, माणसाचा एक पाय दुसऱ्यापेक्षा जरा मोठा असतो म्हणून तो वळतो. त्या अभ्यासात तसंही दिसलं नाही. एकच माणूस कधी डावीकडं वळायचा, कधी उजवीकडं. खरं कारण असं की आपण नुसत्या पायांनी चालत नाही. डोंगराची कड, टाकी, देवळाचा कळस, सूर्य, चंद्र असं काहीतरी लांबचं धरून आपण चालतो. ते दिसेनासं झालं की पावलागणिक बारीक चूक होते आणि चुकीवर चूक साठत जाते.

आता उसाचं रान डोळ्यांपुढं आणा. डोक्याच्या वर पुरुषभर गेलेला ऊस. दोन्ही बाजूंना पाचट. सरीतून चालावं तर समोर ऊस, मागं ऊस, वर हातभर आभाळ. आगाशिवाचा डोंगर दिसत नाही, मच्छिंद्रगड दिसत नाही. त्यात अमावास्येची रात्र नाहीतर कृष्णाकाठचं धुकं. जर्मनीच्या रानात जे झालं ते आपल्या फडात का होणार नाही? माण, खटाव, जत, आटपाडीकडं ऊस कमी, पण तिथं मोकळा माळ आहे. सगळीकडं सारखीच टेकाडं, सारख्याच बोरी-बाभळी. खूण धरायला काही नाही. तिथंही माणूस गोल फिरणारच.

दुसरी गोष्ट उजेडाची. हा भाग सगळ्यात मजेशीर आहे, आणि घरी करून बघता येतो.

अंधाऱ्या खोलीत एकच बारीक दिवा ठेवा, उदबत्तीचं टोक चालेल. बाकी काहीही दिसता कामा नये. त्याच्याकडं टक लावून बघा. थोड्या वेळानं तो ठिपका हलायला लागेल. उदबत्ती जागेवर आहे, पण आजूबाजूला तुलना करायला काही नसल्यानं आपल्या डोळ्यांना तो तरंगतो असं वाटतं. १९३५ साली मुझफर शरीफ नावाच्या, मूळ तुर्कस्तानच्या एका अभ्यासकानं याचाच प्रयोग केला. माणसांना एकेकटं बसवून विचारलं, दिवा किती हलला? प्रत्येकाचं उत्तर वेगळं आलं. मग त्याच माणसांना एकत्र बसवून मोठ्यानं उत्तरं द्यायला सांगितली. बघता बघता सगळ्यांची उत्तरं एकमेकांच्या जवळ आली. न हललेला दिवा किती हलला यावर सगळ्यांचं एकमत झालं!

आपल्या पारावर काय होतं? एक जण म्हणतो, ओढ्यापलीकडं दिवा पळत होता. दुसरा म्हणतो, हां, मीही बघितला. तिसऱ्याला तो आंब्यापासून स्मशानापर्यंत गेल्याचं आठवतं. कुणी लबाडी करत नाही. पण चार जणांनी सांगितलं म्हणजे ते तसंच घडलं असंही नाही.

आणखी एक. अंधारात दिसायला लागायला डोळ्यांना वेळ लागतो, चांगली वीस मिनिटं ते अर्धा तास. मधेच मोबाईलच्या पडद्याकडं पाहिलं किंवा कारखान्याकडं जाणाऱ्या ट्रॅक्टरचा प्रकाशझोत डोळ्यांवर आला, की तेवढं कमावलेलं गेलं, पुन्हा पहिल्यापासून सुरुवात. आणि अंधारात डोळ्याचा बरोबर मधला भाग कमजोर पडतो, कडेचा भाग जास्त चांगला बघतो. म्हणून मंद उजेड नजरेच्या कोपऱ्यात दिसतो आणि सरळ त्याच्याकडं पाहिलं की विझल्यासारखा होतो. 'बघायला गेलं की नाहीसा होतो' असं आपल्या आज्या सांगतात ते अगदी खरं आहे. फक्त तो दिवा नाहीसा होत नाही, आपली नजर त्याला सोडते. एखाद्या रात्री मंद चांदणीवर हे करून बघा. तिच्या जरा बाजूला पाहिलं की ती दिसते, थेट पाहिलं की हरवते.

याशिवाय आपल्या रानात खरे उजेडही काही कमी नाहीत. वळवाच्या सुमाराला सह्याद्रीच्या कुशीतल्या झाडांवर काजवे लुकलुकतात. ऊसतोडीच्या हंगामात भल्या पहाटे बैलगाड्यांना कंदील टांगलेले असतात. कुणी बॅटरी घेऊन दारं धरायला गेलेलं असतं. धुक्यात उजेड पसरतो आणि वस्तू आहे त्यापेक्षा लांब वाटते. दिवसा तापलेल्या डांबरी रस्त्यावर पाणी दिसतं ते मृगजळ तर सगळ्यांनीच पाहिलंय. खालची हवा तापलेली, वरची त्यापेक्षा थंड, त्यातून येताना उजेड वाकतो आणि आभाळच जमिनीवर दिसतं. त्याला आपण भूत म्हणत नाही, कारण ते भर दुपारी सगळ्यांना दिसतं. उजेड दिवसा फसवू शकतो, तसाच तो रात्रीही फसवू शकतो.

तिसरी गोष्ट वेळेची. इथं आधी आज्यांची चकवाचांदणी आठवू या. घरात घड्याळ नव्हतं तेव्हा बाया शुक्राची चांदणी उगवली की उठायच्या आणि जात्यावर बसायच्या. बाजाराच्या गाड्या जुंपायच्या त्याही चांदणीवरच. पण कधीकधी दुसरीच एखादी टपोरी चांदणी उगवायची. तिला शुक्र समजून बाया उठायच्या, दळण संपायचं, सडा व्हायचा, आणि उजाडतच नसे. गाडीवान अर्ध्या वाटेवर पोचायचा तरी कोंबडा आरवत नसे. कुणाला वाटायचं वेळ थांबली. मग म्हणायचे, चकवाचांदणीनं फसवलं.

याचं उत्तर आभाळातच आहे. शुक्र सूर्यापासून फार लांब जात नाही. तो पहाटेचा तारा असतो तेव्हा सूर्याच्या आधी फार तर तीन-सव्वातीन तास उगवतो. मध्यरात्री शुक्र आपल्याला कधीच दिसत नाही. आणि वर्षातले काही महिने तो पहाटे नसतोच, संध्याकाळी पश्चिमेला असतो. पण गुरू हा ग्रहही चांगला ठळक आहे आणि तो रात्री कधीही उगवू शकतो, बाराला, एकला, कधीही. व्याधाचा तारासुद्धा असाच झगझगीत. झोपेतून उठून अंगणात आलेल्या बाईनं गुरूला शुक्र समजावं यात नवल नाही. पहाट लांबली नव्हती, बाई लवकर उठली होती. तिची झोप तेवढी गेली.

भीतीनंही वेळ ताणल्यासारखी वाटते. २००७ साली अमेरिकेत डेव्हिड ईगलमन यांच्या गटानं माणसांना साधारण ३१ मीटर उंचीवरून, सुरक्षित जाळ्यात, पाठीवर पडू दिलं. नंतर विचारलं, पडायला किती वेळ लागला? दुसऱ्याला पडताना पाहून त्यांनी जेवढा वेळ सांगितला, त्यापेक्षा स्वतःच्या पडण्याचा वेळ त्यांनी साधारण एक तृतीयांशानं जास्त सांगितला. मग पडताना खरंच सगळं सावकाश दिसत होतं का, हेही त्यांनी तपासलं. मनगटावर एक यंत्र बांधलं होतं, त्यावर आकडे इतक्या वेगानं बदलत होते की एरवी वाचता येणार नाहीत. पडतानाही ते वाचता आले नाहीत. म्हणजे वेळ सावकाश झाली नव्हती. भ्यालेलं मन बारीकसारीक सगळं टिपून ठेवतं आणि नंतर ते आठवताना वेळ लांब वाटते. अंधारात वाट चुकलेल्या बाईची दहा मिनिटं म्हणूनच रात्रीएवढी होतात.

मैत्रिणींनो, आता एक गोष्ट मुद्दाम सांगतो. आपल्या जुन्या माणसांनी चकव्यावर जो उपाय सांगितला तो फार शहाणपणाचा आहे. चकवा लागला असं वाटलं तर काय करायचं? जागेवर बसायचं. विडी पेटवायची किंवा जाळ करायचा. उजाडेपर्यंत हलायचं नाही. वाट चुकलेल्यांना शोधायला जाणारी माणसंही हेच सांगतात, हरवलात तर एका जागी थांबा, उजेड दाखवा, म्हणजे शोधणारा तुमच्यापर्यंत पोचेल. फिरत राहिलात तर विहिरीत जाल. जुन्या माणसांनी कारण वेगळं सांगितलं, पण उपाय अनुभवातून आला होता. विडी सोडा, बॅटरी धरा, आणि आजच्या दिवसात मोबाईलवरून ११२ लावा. उसात मात्र जाळ करू नका, पाचट पेट घेतं.

मग चकव्याची गोष्ट गमतीनं सांगावी, ऐकावी. एवढं होतं तर आम्ही रेडिओवर कशाला आलो असतो? आम्ही आलोय ते 'चकवा लागला' या दोन शब्दांच्या आड जे लपतं त्यासाठी. गावोगावच्या गटांत ऐकताना आमच्या हे लक्षात आलंय.

पहिलं म्हणजे आजारपण. एका गावातल्या आजी तिन्हीसांजेला घराबाहेर पडायच्या आणि माहेरच्या वाटेला लागायच्या. माहेरी कुणी उरलेलं नाही. रात्री ओढ्याजवळ सापडायच्या. घरचे म्हणत, आजींना चकवा लागतो. अमावास्येला लिंबू उतरवून झालं, अंगारा झाला. गटातल्या एका बाईनं आशाताईंना सांगितलं, आजींना दवाखान्यात नेलं, तेव्हा कळलं की हा स्मृतिभ्रंशाचा आजार आहे. या आजारात दिवस मावळताना माणसाची घालमेल वाढते, घर परकं वाटतं, आणि जुनं, लहानपणचं घर खरं वाटायला लागतं. आजींची वेळच फिरली होती, पन्नास वर्षं मागं. लिंबानं ती पुढं येत नाही. त्यांना औषध, रात्री दाराला घंटी, खिशात नाव-पत्ता-फोन लिहिलेली चिठ्ठी आणि घरच्यांचं न रागावणं एवढं हवं होतं. ते मिळाल्यापासून आजी एकदाही हरवलेल्या नाहीत.

दुसरा प्रकार साखरेचा. मधुमेहाची गोळी किंवा इन्सुलिन घेतलं, आणि उपवास म्हणून नाहीतर कामाच्या गडबडीत खाल्लं नाही, तर रक्तातली साखर एकदम उतरते. घाम फुटतो, हातपाय कापतात, माणूस भ्रमिष्टासारखा वागतो, भलतीकडं चालायला लागतो, नंतर त्याला आठवतही नाही. शेतात हे झालं तर बघणारा म्हणेल, याला झपाटलंय. साखर ७०च्या खाली म्हणजे धोका. माणूस शुद्धीवर असेल आणि गिळू शकत असेल तर तीन-चार चमचे साखर पाण्यात घालून लगेच पाजा. शुद्धीवर नसेल तर तोंडात काहीही घालू नका, कुशीवर वळवा आणि १०८ लावा. देवऋषाकडं नेण्यात गेलेला अर्धा तास इथं जिवावर बेततो.

काही प्रकारच्या फिटमध्येही माणूस पडत नाही, झटके येत नाहीत. नुसतं शून्यात बघतो, काहीतरी पुटपुटतो, चालत राहतो, आणि मधला वेळ त्याच्या आठवणीतून पुसला जातो. हा इलाज होणारा आजार आहे. दिव्याभोवती कडं दिसायला लागलं तर मोतीबिंदू असू शकतो. कडं रंगीत असेल, डोळा लाल होऊन जोरात दुखत असेल, मळमळत असेल, तर तो काचबिंदूचा झटका असू शकतो. त्याच दिवशी डोळ्यांच्या डॉक्टरांकडं जा. दिवस मावळला की दिसतच नाही असं एखादी गरोदर बाई म्हणाली तर तिला चकवा लागला नाही, तिच्या अंगात जीवनसत्त्व 'अ' कमी असू शकतं. अंगणवाडीत, आरोग्य केंद्रात सांगा.

आता तिसरं. हे बोलायला जड आहे. एक तरुण सून पहाटे विहिरीच्या काठावर बसलेली सापडली. अंगावर शाल नाही, पायात चप्पल नाही. गावानं सांगितलं, हिला रात्री चकवा लागला, नशीब म्हणून वाचली. सासरच्यांनी मान डोलावली, माहेरच्यांनीही. तिनंही तेच सांगितलं. कारण चकवा म्हटलं की पुढचा प्रश्न कुणी विचारत नाही. रात्री दोनला ती घरातून का निघाली? दार कुणी बंद केलं होतं? त्या रात्री घरात काय झालं होतं? काही महिन्यांनी गटाच्या बैठकीनंतर, सगळ्या गेल्यावर, ती मागं थांबली आणि बोलली. तिची वाट चुकली नव्हती. ती ठरवून विहिरीपर्यंत गेली होती, आणि तान्ह्या लेकराची आठवण येऊन काठावर बसून राहिली होती.

तिची ओळख पटेल असं आम्ही काही सांगणार नाही. आज ती बरी आहे, एवढंच सांगतो. पण त्या दिवसापासून आमच्या गटांनी एक ठरवलंय. एखादीला 'चकवा लागला' असं कानावर आलं की दोघी जणी तिच्याकडं जायचं. चौकशी करायला नाही, बसायला. चहा घ्यायचा, लेकराला मांडीवर घ्यायचं, आणि तिला एकटीला बोलायला जागा द्यायची. घरात मारहाण असेल तर १८१ हा महिलांसाठीचा क्रमांक आहे. मनावर दगड असेल, जगू नये असं वाटत असेल, तर १४४१६ या टेलिमानसच्या क्रमांकावर फुकट आणि मराठीत बोलता येतं. आमच्या पासबुकाच्या मागच्या पानावर आम्ही हे दोन्ही क्रमांक लिहून ठेवलेत. तुम्हीही आत्ता लिहून घ्या.

आणि चौथं म्हणजे बंधन. 'पोरी, दिवस मावळल्यावर जाऊ नको, चकवा लागंल.' क्लासवरून येणारी मुलगी, एसटी चुकलेली मुलगी, संध्याकाळच्या बैठकीला येऊ पाहणारी सून, सगळ्यांना हेच. पण याच घरात, आठवड्यातले काही दिवस शेतीची लाईट रात्रीच येते तेव्हा, नवऱ्यासोबत दारं धरायला बाईला न्यायला कुणी कचरत नाही. चकवा कामाला आडवा येत नाही, बैठकीला तेवढा येतो! आम्ही हे हसत सांगितलं तेव्हा एका गावात सासवाच आधी हसल्या.

रात्रीची भीती खरी आहे, हे आम्हालाही मान्य. पण ती कशाची धरायची? कठडा नसलेल्या विहिरीची. पाचटात बसलेल्या घोणसाची, घरात शिरणाऱ्या मण्याराची. कराड, शिराळ्याकडच्या उसात बिबट्या असतो, त्याची. मागं लाल पट्टी नसलेल्या, रस्त्यात उभ्या राहिलेल्या उसाच्या ट्रॉलीची. वाईट हेतूनं मागं येणाऱ्या माणसाची. चकव्याला दोष दिला की यातल्या कशाचाच बंदोबस्त करायचं कुणाच्या डोक्यात येत नाही. भूत कठड्याला घाबरत नाही, पण कठडा बांधला तर बाई वाचते.

आपण साताऱ्याची, सांगलीची माणसं. डॉ. नरेंद्र दाभोलकर साताऱ्याचेच. २० ऑगस्ट २०१३ रोजी पुण्यात त्यांची हत्या झाली. ज्या कायद्यासाठी ते वर्षानुवर्षं झटले, त्याचा वटहुकूम त्याच महिन्यात निघाला आणि डिसेंबर २०१३ मध्ये विधिमंडळानं कायदा मंजूर केला. लोक त्याला जादूटोणाविरोधी कायदा म्हणतात. तो तुमच्या देवाच्या, पूजेच्या, वारीच्या आड येत नाही. भूत उतरवायच्या नावाखाली कुणाला बांधून मारणं, चटके देणं, मिरचीची धुरी देणं, असल्या गोष्टींना तो शिक्षा सांगतो. कमीत कमी सहा महिने, जास्तीत जास्त सात वर्षं कैद, आणि पाच हजारांपासून पन्नास हजारांपर्यंत दंड. चकवा लागला म्हणून एखाद्या बाईला कुणी असं करत असेल तर पोलीस ठाण्यात सांगा. यासाठी पोलीस निरीक्षक किंवा त्यावरच्या दर्जाचा दक्षता अधिकारी नेमायची त्या कायद्यातच तरतूद आहे.

मग आपण काय करायचं? आमच्या गटांत जे चाललंय तेच सांगतो.

रात्री शेतात जायचं तर एकटीनं नाही. जोडीनं जायचं आणि दोन बॅटऱ्या न्यायच्या, एक हातात, एक पिशवीत. पायात बूट, हातात काठी, आणि काठी आपटत चालायचं. निघताना घरी सांगायचं, कुठल्या पट्टीत जातोय आणि किती वाजेपर्यंत येतोय. बांधाच्या वळणावर खांबाला चुना मारायचा किंवा जुन्या सीडीची चकती टांगायची, बॅटरीच्या उजेडात ती लांबून चमकते. वाट चुकलीच तर थांबायचं. थोडा वेळ बॅटरी विझवून कान द्यायचा. मोटारीचा आवाज, कुत्र्याचं भुंकणं, रस्त्यावरची गाडी, काहीतरी ऐकू येतंच. ते कुठल्या बाजूला आहे हे ठरलं की मग पाऊल उचलायचं.

ग्रामसभेत तीन मागण्या लावून धरा. वाटेकडेच्या विहिरींना कठडे, वस्तीच्या रस्त्याला दिवे, आणि उसाच्या प्रत्येक गाडीला मागं चमकणारी पट्टी. शेतीला दिवसा वीज मिळावी म्हणून मुख्यमंत्री सौर कृषी वाहिनी योजना २०१७ पासून आहे. आपल्या गावाला दिवसा वीज कधी मिळणार, हे सभेत बायांनी विचारलंच पाहिजे. रात्रीचं पाणी बंद झालं तर निम्मा चकवा आपोआप बंद होईल.

आणि घरात म्हातारं माणूस वाट चुकत असेल, कुणी अचानक भ्रमल्यासारखं वागत असेल, तर आधी दवाखाना. मनाच्या समाधानासाठी नंतर देवाला नारळ फोडायचा असेल तर खुशाल फोडा. फक्त क्रम बदलू नका. ज्येष्ठांच्या अडचणींसाठी १४५६७ हा क्रमांक आहे.

मैत्रिणींनो, चकव्याच्या गोष्टी बंद करा असं आम्ही मुळीच म्हणत नाही. त्या सांगाव्यात, शेकोटीपाशी रंगवून सांगाव्यात, नातवंडांना घाबरवावं आणि मग कुशीत घ्यावं. फक्त गोष्ट संपली की त्या नातवंडांना उदबत्तीचा खेळ करून दाखवा. न हलणारा ठिपका हलताना बघून त्यांना जे आश्चर्य वाटेल, ते भुतापेक्षा मोठं आहे. आणि कुणी बाई म्हणाली, मला चकवा लागला होता, तर तिला एवढंच विचारा, बाई गं, तू कुठं निघाली होतीस?

तुमच्या गावातल्या अशा गोष्टी आमच्या गटाच्या बैठकीत येऊन सांगा. बैठक दर महिन्याच्या पहिल्या शनिवारी, संध्याकाळी सात वाजता असते. अंधार पडलेला असेल. जोडीनं या, बॅटरी घेऊन या.

नमस्कार.